हशा उतरेपर्यंत

रत्नागिरीकडच्या आमच्या पालीच्या बाजारात मासे घ्यायला गेलो की मासेवाली मला लांबूनच बघते, पाटीवरचं फडकं बाजूला करते आणि सगळ्या बाजाराला ऐकू जाईल अशा आवाजात विचारते, "काय शिवरामभाव, आज मांजराला काय देव?" आजूबाजूची चार गिऱ्हाइकं हसतात. मीही दात दाखवतो. मग ती माझ्या वाट्यावर एक बांगडा जास्तीचा टाकते आणि म्हणते, "ह्यो मांजराचा हां." माझ्या घरी मांजर नाही. घरी मी एकटाच असतो आणि तो जास्तीचा बांगडाही मीच खातो.

माझं नाव शिवराम नाही, यशवंत आहे. पण यशवंत म्हणून हाक मारणारी माणसं एकेक करून गेली. शिवराम हा आम्ही वर्षानुवर्षं केलेल्या एका नाटकातला नोकर. नाटकाचं खरं नाव लांबलचक होतं, पण दौऱ्यावर सगळे त्याला 'जावयाचं नाटक' म्हणत, म्हणून मीही तेच म्हणतो. पुढे सिनेमात मी हवालदार झालो, पोस्टमन झालो, देवळातला गुरव झालो, वरातीतला बँडवाला तर इतक्यांदा झालो की क्लॅरिनेट वाजवता येत नाही हे मलाच खोटं वाटायला लागलं. पण आमच्या भागात मी शिवरामच राहिलो.

या अंकासाठी काही लिहा म्हणून फोन आला, तेव्हा पलीकडची मुलगी मी 'हॅलो' म्हणताच हसली. लगेच 'सॉरी काका' म्हणाली. मी म्हटलं, असू दे, सवय आहे. माझी बायको गेली तेव्हा भेटायला आलेल्या माणसांना मी सांगत होतो, "सकाळी चहा केलान, कप माझ्या हातात दिलान, आणि जी खुर्चीत बसली ती बसलीच." समोरच्या बाकावर बसलेल्या एका गृहस्थांचा ओठ हलला. त्यांनी घाईघाईने खाली बघितलं. त्यांचा दोष नाही. माझ्या वाक्याचं शेपूट वर जातं. तीच माझी भाकरी होती. आता ते शेपूट खाली कसं आणायचं ते मला येत नाही.

बाहेरच्या माणसाला वाटतं, विनोदी नटाचं काम म्हणजे हसवणं. हसवणं त्यातलं सोपं काम आहे. कठीण आहे ते थांबणं. प्रेक्षक हसत असताना पुढचं वाक्य टाकलंत तर ते वाक्य कुणाला ऐकू येत नाही आणि चालू असलेला हशाही मरतो. उशीर केलात तर गार झालेल्या तव्यावर घावन घातल्यासारखं होतं, सुटतच नाही. हशा आधी चढतो, वर जाऊन वळतो, मग उतरायला लागतो. तो अर्धा उतरला की पुढचं वाक्य. हे मोजता येत नाही, कानाने कळतं. आणि खरं सांगायचं तर मला ते कधीच नीट कळलं नाही. ते सदाला कळायचं.

सदा म्हणजे सदानंद, खेडचा. 'जावयाच्या नाटका'त तो मालक आणि मी नोकर. विनोदी जोडीत एक हसवणारा असतो आणि एक समोरचा. समोरच्याने फक्त प्रश्न विचारायचे, रागवायचं आणि चेहरा कातळासारखा ठेवायचा. टाळ्या हसवणाऱ्याला. पण हशा किती वेळ चालू द्यायचा हे समोरचा ठरवतो, कारण पुढचं वाक्य त्याचं असतं. सदा स्टेजवर हाताच्या खुर्चीत बसलेला असायचा आणि उजव्या हाताची तर्जनी खुर्चीच्या हातावर टेकवलेली असायची. हशा चालू आहे तोवर बोट खाली. बोट उचललं की त्याचं वाक्य येणार, तयार राहा. प्रेक्षकांतल्या कुणाला ते बोट कधी दिसलं नाही. मला मात्र स्टेजवर दुसरं काहीच दिसायचं नाही.

ज्यांनी ते नाटक बघितलं नाही त्यांच्यासाठी तो मासळीचा प्रवेश सांगतो. लग्नानंतर पहिल्यांदाच जावई जेवायला यायचाय. मालकाने शिवरामला बाजारात मासळी आणायला पाठवलंय. शिवराम पिशवी दोन्ही हातांनी पोटाशी धरून येतो, जणू आत पाच शेर ऐवज आहे. पिशवी रिकामी.

"शिवराम, मासळी आणलीस?"

"आणली."

"कुठाय?"

"मांजराला दिली."

इथे पहिला हशा.

"मांजराला? का?"

"ते आधी आलं. जावयबापू अजून यायचेत."

इथे दुसरा, मोठा.

"सगळी दिलीस?"

"असं कसं? काटे ठेवलेत की जावयबापूंना."

तिसरा. मग मालक भिंतीकडे तोंड करून कपाळाला हात लावतो, सगळं शांत होईपर्यंत थांबतो आणि दात-ओठ खाऊन विचारतो, "शिवराम, तू या घरात कधीपासून आहेस रे?" शिवराम विचार करतो आणि म्हणतो, "मांजर नव्हतं तेव्हापासून."

कागदावर हे काहीच नाही, मला माहीत आहे. पण सदा समोर असताना या शेवटच्या वाक्याला खुर्च्या हलायच्या. मंडणगडला एका प्रयोगात पहिल्या रांगेतले एक वयस्कर गृहस्थ हसता हसता तोंडातल्या कवळीसकट पुढे आले. कवळी स्टेजच्या कडेला पडली. मी बघितली, सदाने बघितली. माझ्या पोटात कळ यायला लागली. सदाच्या चेहऱ्यावरची रेघ हलली नाही आणि बोट खाली ते खालीच. त्या गृहस्थांनी कवळी उचलली, धोतराला पुसली, बसवली, तेव्हा कुठे बोट वर गेलं.

सदाचा आणखी एक नेम होता. प्रयोगाच्या दिवशी तो मला बघायचा नाही. मेकअपला पाठ करून बसायचा, विंगेत दुसऱ्या बाजूला उभा राहायचा, दौऱ्याच्या गाडीत मी पुढे तर तो मागे. सुरुवातीला मला राग आला. एकदा विचारलं, तर म्हणाला, "दिवसभर तुला बघितलं तर स्टेजवर आल्यावर तू नवीन कसा वाटशील? मला तू तिथेच पहिल्यांदा दिसला पाहिजेस." दौऱ्यावर तर रोजच प्रयोगाचा दिवस. त्यामुळे गावोगावच्या लोकांना वाटायचं, या दोघांचं भांडण आहे. भांडण नव्हतं, पण गप्पाही नव्हत्या. त्याच्या बायकोच्या हातचं मी जेवलो नाही, माझा मुलगा कोणत्या इयत्तेत आहे हे त्याने विचारलं नाही. आम्ही एकमेकांना ओळखायचो ते त्या खुर्चीजवळ, पडदा वर असताना. आज मागे बघताना हे फार विचित्र वाटतं. अर्धं आयुष्य ज्याच्यासमोर उभं राहून काढलं त्याला आमटी कशी आवडते हे मला माहीत नाही.

नियम एकदाच मोडला, आणि तो माझ्याच गावच्या प्रयोगानंतर.

पालीजवळच्या आमच्या वाडीत शाळेच्या मैदानावर प्रयोग ठरला होता. वाडीतली मुंबईकर मंडळी खास रजा टाकून आली होती. मी शिमग्यातल्या नमन-खेळात मावशीचं सोंग करून लोकांना हसवायला शिकलो तो याच मातीवर, त्यामुळे छाती जरा पुढे काढूनच गाडीतून उतरलो. मैदान भरलेलं. पहिल्या रांगेत वाडीचे गावकर, म्हणजे ज्यांचा शब्द शेवटचा ते, बाजूला म्हातारे, उजव्या अंगाला बायका, त्यांत माझी आई. पडदा वर गेला.

कोणी हसेना.

मी पिशवी पोटाशी धरून आलो. शांत. मांजराला दिली म्हटलं. शांत. माणसं टक लावून बघत होती, कुणी उठून जात नव्हतं, पण चेहरे असे की समोर ग्रामसभा चालली आहे. घाम कानामागून गळ्यात उतरायला लागला. मी पुढचं वाक्य घाईने टाकायला गेलो, तर सदाचं बोट खाली. नसलेल्या हशासाठी तो थांबला होता. जेवढा वेळ रत्नागिरीच्या नाट्यगृहात थांबला असता तेवढाच. ओठ न हलवता मला म्हणाला, "थांब जरा." संपूर्ण नाटक आम्ही असं केलं, प्रत्येक हशाची जागा रिकामी ठेवून. शेवटी टाळ्या झाल्या, त्याही सभ्य. गावकरांनी नारळ दिला. मी घरी जाऊन न जेवता पडलो. माझ्याच माणसांनी मला नापास केलं होतं.

सकाळी आईने चहाबरोबर खरं काय ते सांगितलं. त्या दिवशी उजाडताच वाडीतले एक वडीलधारे गेले होते. आमची वाडी म्हणजे एकच भावकी, सगळ्यांनाच सुतक. दुपारी माती देऊन आल्यावर बैठक बसली. नाटक रद्द करा, असं काही जण म्हणाले. गावकर म्हणाले, "आपलाच पोर हाय त्यांच्यात, मुंबैसून माणसां घेवन आलाय. त्याला दारातसून परत धाडायचा? नाटक बघूया सगल्यांनी. पण वाडीत मयत झालाय, कोणी हसायचा नाय." आणि नटांना हे सांगायचं नाही असंही ठरलं, नाहीतर त्यांना अवघड वाटेल.

"अगो, मग मला तरी सांगायचंस," मी म्हटलं.

"कशी सांगू? तू मग नाटक केलां नसतंस." आईने पदराने डोळे पुसले, आणि मग मला कळलं की ती हसतेय. "काय सांगू बाबा, काटे म्हणालास तवा असा हासू आला, असा आला, पदर तोंडात कोंबला मी. शेजारची काशीबाय तर थरथरत होती नुसती. सगल्या जणींनी गिळलानी. पोटात अजून दुखतंय."

त्या दिवशी गाडीत मी पुढची सीट सोडून मागे गेलो आणि सदाशेजारी बसलो. नियम मोडलेला त्याला आवडला नाही, तो खिडकीबाहेरच बघत राहिला. मी सगळं सांगितलं. हातखंबा आला तसा तो खिडकीतून वळला. मग म्हणाला, "म्हणजे हशा होता. आपण थांबलो ते बरोबरच थांबलो." त्यानंतर कुठेही प्रेक्षक थंड निघाले की तो ओठ न हलवता पुटपुटायचा, "गिळतायत रे. पालीची माणसं." आणि बोट खालीच ठेवायचा.

सिनेमात गेलो तेव्हा पहिल्याच दिवशी माझी फजिती झाली. हवालदाराचं काम. साहेब विचारतात, चोर कुठे आहे, मी म्हणायचं, "पळाला, पण पत्ता देऊन गेलाय." मी वाक्य म्हटलं आणि सवयीने थांबलो. दिग्दर्शक ओरडला, "कट! वाक्य विसरलात का?" पुन्हा केलं, पुन्हा थांबलो. तिसऱ्यांदा त्याने जवळ येऊन विचारलं, "कुणाची वाट बघताय?" हशाची, पण तो येणार कुठून? समोर दिवे, काळं कापड, पंचवीस-तीस माणसं, आणि आवाज नोंदला जात असल्यामुळे हसायला सगळ्यांना बंदी. विनोद केला की लोक तोंड दाबून धरतात अशी ती जागा. मी हळूहळू न थांबता बोलायला शिकलो. पुढे मालिकांत तर यंत्राचा हशा आला. तो नंतर कुठेतरी खोलीत बसून चिकटवतात. एकदा घरी बसून माझंच काम बघत होतो. मी नुसता दार उघडून आत आलो तर यंत्र हसलं. मी बायकोकडे बघितलं. ती म्हणाली, "आतल्या आत कुणीतरी गुदगुल्या करतंय वाटतं त्याला."

सदाला सिनेमाने बोलावलं नाही. कॅमेऱ्यात समोरच्या माणसाची गरज नसते, मी एकटाच दिसलो तरी भागतं. मी दोन-तीन ठिकाणी त्याचं नाव काढलं होतं. एका निर्मात्याने त्याला बघून घेतलं आणि मला म्हणाला, "चांगले आहेत हो, पण त्यांचा चेहरा लक्षात राहत नाही." लक्षात राहू नये म्हणूनच त्या माणसाने जन्मभर मेहनत केली होती. मी हे सदाला सांगितलं तेव्हा तो खूश झाला. खरोखर खूश झाला, मला वाटतं. 'जावयाचं नाटक' बंद पडलं, कंपनी मोडली आणि तो खेडला आपल्या घरी परत गेला. मी मुंबईत हवालदाराच्या टोप्या बदलत राहिलो. मालिका संपल्या, मुलगा नोकरीनिमित्त बेंगळुरूला गेला, आम्ही नवरा-बायको पालीला आलो, मग ती गेली.

एकटं राहायला लागल्यावर मला एक गोष्ट कळली. जगात मला बघून न हसणारा एकच माणूस होता. सगळ्यांना शिवराम बघून हसू येतं. सदाने शिवरामला हजारदा बघितलं आणि एकदाही हसला नाही, फक्त पुढचा प्रश्न विचारला. मला अलीकडे कुणी पुढचा प्रश्न विचारत नाही. माणसं हसतात आणि निघून जातात.

गेल्या वर्षी गणपतीनंतर खेडहून फोन आला. सदाची सून, संगीता. तिचा नवरा मुंबईला असतो आणि महिन्यातून एकदा येतो, सासऱ्याचं सगळं तीच बघते. म्हणाली, "काका, बाबा आता कुणालाच ओळखत नाहीत. ते एक वेळ चाललं असतं. पण बोलायचेच थांबलेत. दिवसभर खुर्चीत बसतात, जेवताना घासाकडे बघत राहतात. डॉक्टर म्हणाले, जुन्या ओळखीचं कुणी येऊन गेलं तर बघा. तुमच्याशिवाय कुणाचं नाव मला माहीत नाही."

मी पालीहून हातखंबा आणि हातखंब्याहून खेडची गाडी धरली. महामार्ग चौपदरी होतोय म्हणे, कधीपासून होतोय ते आता ज्याने खोदला त्यालाही आठवत नसेल. कंडक्टरने मला ओळखलं, "शिवराम, मासळी आणलीस?" म्हणाला, गाडी हसली. मी तिकिटाचे पैसे पुढे केले. सदाने मला ओळखावं, एवढंच मला हवं होतं. त्याने ओळखलं नाही तर मला यशवंत म्हणून किंवा शिवराम म्हणून खरं ओळखणारं कोणीच उरणार नव्हतं. डॉक्टरांनी मला औषध म्हणून बोलावलं होतं, पण निघालो होतो मीच रोगी.

घर जगबुडी नदीच्या अंगाला, पुढे छोटं अंगण. सदा खिडकीपाशी हाताच्या खुर्चीत बसला होता. फार वाळला होता. मी समोर बसलो, "सदा, मी यशवंत," म्हटलं. त्याने माझ्याकडे बघितलं आणि मग माझ्या मागच्या भिंतीकडे बघितलं. मी मंडणगडची कवळी सांगितली. दौऱ्यातल्या गाडीचं सांगितलं. काही नाही. मग माझ्या लक्षात आलं की माझ्याजवळ सांगण्यासारखं फारसं नाहीच. त्याच्या बायकोचं नाव मला नीट आठवेना. आम्ही दोघांनी मिळून एकही चहा घेतल्याचं मला आठवेना. ज्या माणसाशी मी कधी बोललोच नव्हतो त्याच्याशी बोलून काय होणार होतं?

संगीता दारात उभी राहून बघत होती. "राहू दे काका," ती हळूच म्हणाली. "तुम्ही इतक्या लांबून आलात. हात धुवा, पानं वाढते."

हात धुवायला मी अंगणात आलो आणि तिथे मला त्याचा नेम आठवला. मला तू तिथेच पहिल्यांदा दिसला पाहिजेस. मी तर आल्यापासून त्याच्या नाकासमोर खुर्ची टाकून बसलो होतो. चुकलोच होतो.

"संगीता, एखादी कापडी पिशवी दे गो," मी म्हटलं. तिने बाजाराची पिशवी आणून दिली. ती मी दोन्ही हातांनी पोटाशी धरली, चपला काढल्या, आणि त्याच्या डाव्या हाताच्या दारातून आत आलो. शिवराम नेहमी डाव्या विंगेतून यायचा. गुडघे आता तसे वाकत नाहीत, पण चाल जमली.

सदाची मान वर झाली.

"शिवराम," तो म्हणाला. आवाज घोगरा होता, पण मालकाचाच होता. "मासळी आणलीस?"

"आणली."

"कुठाय?"

"मांजराला दिली."

आणि तो थांबला. उजव्या हाताची तर्जनी खुर्चीच्या हातावर जाऊन टेकली. पहिल्या हशाची जागा होती ती. घरात पंखा फिरत होता, स्वयंपाकघरात कुकर कुरकुरत होता. दुसरं काही नव्हतं. सदा थांबला, आणखी थांबला. मग त्याच्या चेहऱ्यावर जे यायला लागलं ते मी त्याच्याकडे जन्मात बघितलं नव्हतं. तो घाबरला. हे वाक्य कधी पडलं नव्हतं. आपलं काही चुकलं का, असं तो माझ्याकडे बघायला लागला. मी हळूच पुढचं वाक्य पुरवलं, "मांजराला? का?" त्याने कपाळाला आठी घातली. प्रॉम्प्टरने घाई केली की तो अशीच आठी घालायचा. हशा झाल्याशिवाय तो पुढे जाणार नव्हता. त्याला ते येतच नव्हतं.

मग मी हसलो. स्टेजवर मी कधी हसलो नाही. विनोदी नटाने स्वतःच्या वाक्यावर हसणं म्हणजे आचाऱ्याने पंगतीआधी पान मांडून बसणं. कसं हसायचं तेही कळेना. मग ऐकलेला हशा आठवून आठवून काढला, आधी पुढच्या खुर्च्यांतला आवरलेला, मग मागच्या बाकांवरचा, मांड्या थोपटणारा. एकट्याने किती पुरणार? "हस गो बाय!" मी संगीताला ओरडलो. "मोठ्याने हस!" ती पदर तोंडाशी धरून उभी होती, डोळ्यांतून घळाघळा पाणी, आणि तशीच ती हसायला लागली. आम्ही दोघं त्या खोलीत वेड्यासारखे हसत होतो.

सदाचा चेहरा सैल झाला. हशा चढू दिला, वळू दिला, अर्धा उतरल्यावर बोट वर गेलं.

"मांजराला? का?"

"ते आधी आलं. जावयबापू अजून यायचेत."

बोट खाली. आम्ही हसलो. बोट वर.

"सगळी दिलीस?"

"असं कसं? काटे ठेवलेत की जावयबापूंना."

पुन्हा हसलो. संगीताला आता हुंदका आवरेना, ती आत गेली, आतून नळ सोडल्याचा आवाज आला. सदाने भिंतीकडे तोंड केलं, कपाळाला हात लावला. मग माझ्याकडे वळला. नाटकात इथे मालक दात-ओठ खातो. सदाने खाल्ले नाहीत. माझ्याकडे नीट बघत, अगदी हळू विचारलं, "शिवराम, तू या घरात कधीपासून आहेस रे?"

तो मालक विचारत होता की सदा, ते मला अजून कळलेलं नाही. पण मला कुणीतरी पुढचा प्रश्न विचारला होता.

"मांजर नव्हतं तेव्हापासून," मी म्हटलं.

आता सगळ्यात मोठा हशा द्यायचा होता आणि माझ्या गळ्यातून आवाज निघेना. तोंड उघडलं, काही आलं नाही. संगीता आत होती. कुकरही गप्प झाला होता. सदाची तर्जनी खुर्चीच्या हातावर टेकलेली, आणि मी त्याच्या चेहऱ्याकडे बघत होतो, आता तो पुन्हा घाबरणार म्हणून.

तो घाबरला नाही. मान किंचित माझ्या बाजूला कलती केली, आणि ओठ न हलवता पुटपुटला, "गिळतायत रे. पालीची माणसं. थांब जरा."

त्याचं बोट खालीच होतं. मी रिकामी पिशवी दोन्ही हातांनी पोटाशी धरली, आणि आम्ही दोघं थांबलो.